पान उजेडाला धर

"सिस्टर, तुन्हाकडे पिवयी साडी शे का?"

खोली बघायला गेले तेव्हा अप्पांनी मला विचारलेला हा पहिला प्रश्न. ना गाव विचारलं, ना जात, ना नवरा काय करतो. भाड्याचंसुद्धा नाही. मी उपकेंद्रात नव्यानं बदलून आलेली नर्स, सांगलीकडची. अहिराणी कानावर पहिल्यांदाच पडत होती. मला वाटलं, म्हातारा चावट दिसतोय, इथं राहण्यात अर्थ नाही. मी पिशवी उचलणार तेवढ्यात आतून त्यांची बायको जिजी ओरडली, "घाबरू नको वं बाई! त्यास्नं डोकं मावानी खाई टाकेल शे."

मावा म्हणजे कोवळ्या शेंड्यावर दाटीनं बसणारी ती बारीक काळी-हिरवी कीड. पानाच्या मागं बसते, रस पिते, पान चुरगळून वाटीसारखं होतं, खाली चिकट घाम गळतो आणि त्या चिकट्यावर काजळी धरते. ही किडीची माहिती मला दवाखान्याच्या नोकरीत कधीच लागली नसती. अप्पांच्या घरी राहिल्यावर ती पाठच झाली. पिवळ्या रंगावर मावा उडत येऊन बसतो, म्हणून नवीन पालवीच्या दिवसांत पिवळी साडी अंगणात वाळत घालायची नाही, नेसून मागच्या दारानं जायचंही नाही, ही भाड्याची एकमेव अट होती. माझ्याकडं एकच पिवळी साडी होती, लग्नातली. ती मी तिथल्या सगळ्या वर्षांत ट्रंकेबाहेर काढली नाही.

म्हसावदच्या बाजूचं ते गाव. ज्याच्या त्याच्या शेतात केळी, पपई, ऊस. पैसा तिकडं. अप्पांचा मात्र कागदी लिंबाचा मळा, घराच्या मागच्या भिंतीला लागून सुरू व्हायचा तो पार नाल्यापर्यंत. गावात त्यांना अप्पा कुणी म्हणत नसे, तोंडावर सोडून. मागं सगळे 'मावाअप्पा'च म्हणायचे. त्यांनाही ते माहीत होतं आणि त्याचा त्यांना थोडा अभिमानही होता, असं माझं मत आहे.

गळ्यात दोऱ्याला बांधलेलं एक भिंग असायचं, घड्याळ दुरुस्त करणाऱ्याकडून घेतलेलं. त्या भिंगातून तो माणूस काहीही बघायचा. लिंबाचं पान तर झालंच, पण तांदूळ, भिंतीवरची वाळवी, माझ्या हातावरचा पुरळ, शेजारच्या पोरीच्या डोक्यातल्या उवा. एकदा मी औषधाच्या बाटलीवरची तारीख वाचत होते तर म्हणाले, "आन इकडे." वाचून मला परत दिली आणि म्हणाले, "फेकी दे." खरंच मुदत संपलेली होती. तेव्हापासून मला ते आपल्या खात्यातलेच समजायला लागले. "तू माणसं देख, मी झाडं देखस. धंदा एकच शे." माझ्याकडून कापूस, स्पिरिट न्यायचे. छाटणीची कात्री एका झाडावरून दुसऱ्या झाडावर नेताना स्पिरिटनं पुसायचे. आमच्या उपकेंद्रात इतकं सोवळं कुणी पाळलं नव्हतं.

फवारणीचे पंप ते फारसे वापरत नसत. रोज सकाळी उठून मळ्यात जायचं, कोवळा शेंडा दोन बोटांत धरायचा आणि अंगठ्यानं मावा पुसून काढायचा. निंबोळ्या कुटून भिजवलेलं पाणी अधूनमधून मारायचे, पण भरवसा अंगठ्यावर. उजव्या अंगठ्याला कायम हिरवट-काळा डाग. लग्नाकार्यात वाढप्यानं त्या अंगठ्याकडं बघून ताट मागं घेतलेलं मी पाहिलं आहे. काडेपेटीत ते ढालकिडे घेऊन फिरायचे, ते लाल पाठीवर काळे ठिपके असलेले. मावा खातात म्हणून त्यांना 'पाव्हना' म्हणायचे. विडी पेटवायला कुणी काडेपेटी मागितली की आतून पाहुणे बाहेर यायचे आणि मग दोन्हीकडून शिव्या.

मुंग्यांशी मात्र हाडवैर. मावा जो चिकट गोड घाम गाळतो तो मुंग्या पितात, म्हणून त्या माव्याला सांभाळतात, ढालकिड्यांना हाकलतात, एका फांदीवरून दुसऱ्या फांदीवर उचलून नेतात. "मुंगी गुराखी शे, मावा तिन्हं ढोर शे. नुसतं ढोर मारीसन काय फायदा? पहिले गुराखी हाकल." मळ्यातल्या प्रत्येक खोडाला कमरेएवढ्या उंचीवर चिंधी गुंडाळलेली आणि तिला गाडीच्या चाकाचं वंगण फासलेलं. लांबून बघितलं की सगळी झाडं काळे पट्टे बांधून उभी. जिजी म्हणायची, निषेधाला बसलीत.

आणि एका चैत्रात तर त्यांनी नवरदेवच अडवला. हळदीनं माखलेलं पोर, पिवळं धोतर, मागं पिवळ्या साड्यांतल्या बायका, पुढं वाजंत्री, आणि देवाला जायची वाट अप्पांच्या मळ्याच्या बांधावरून. अप्पा बांधावर आडवे उभे. हातात काळी घोंगडी.

"हाई पांघरी ले, मंग जाय."

"अप्पा, तुमनं डोकं फिरनं का?" नवरदेवाचा मामा म्हणाला.

"मन्हं डोकं फिरेलच शे. तू घोंगडी ले."

वाजंत्री थांबली. उन्हाचा कडाका. शेवटी नवरदेवानं घोंगडी पांघरली, बायकांनी पदर उलटे करून घेतले आणि ती वरात अंत्ययात्रेसारखी चूपचाप मळ्यावरून गेली. मी दारात उभी राहून पोट धरून हसले होते. आज ते आठवलं की हसू येत नाही. तेव्हा त्या मळ्यात वाचवण्यासारखं काहीतरी होतं, एवढंच वाटतं.

रोगांचे त्यांचे दोन वर्ग होते. एक, दिसणारे. खैऱ्या पडला तर पानावर, फळावर खडबडीत तपकिरी डाग पडतात. डिंक्या लागला तर खोडातून डिंक गळतो. ह्यांना ते रोगच मानत नसत. मोरचूद-चुन्याची लापशी करायची, छाटायचं, खोडाला फासायची, संपलं. "बोंबलनारा आजार बरा. दारवर यी सांगस, मी उनू म्हनीसन." दुसरा वर्ग न दिसणाऱ्यांचा, आणि त्याच्यासाठी त्यांचं एक ठरलेलं वाक्य होतं. मळ्यात कुणीही आलं, काहीही विचारलं, की ते पान तोडून त्याच्या हातात द्यायचे आणि म्हणायचे, "पान उजेडले धर. हातमा धरीसन काय दिखी?"

लिंबाचं पान सूर्याकडं धरलं आणि त्याच्या शिरा मध्येमध्ये पांढुरक्या, पाण्यासारख्या दिसल्या, तर समजायचं की मावा आपलं काम करून गेला. मावा एका झाडाचा रस पितो आणि दुसऱ्यावर जाऊन बसतो. पहिल्या झाडात रोग असेल तर तोंडातून दुसऱ्याला देतो. मग झाड वाळायला लागतं, शेंड्याकडून खाली. त्यावर औषध नाही. आमच्या पुस्तकात डासाचं जसं लिहिलंय तसंच. "मावा मारता येस, तेन्हं उष्टं पुसता नही येत," हे त्यांचं आणखी एक. असं झाड मुळासकट काढायचं आणि जाळायचं. दया करायची नाही. "एक झाडले रडशी तं मया जाई."

आणि बाहेरून रोप आणायचं नाही, कधीच नाही. लिंबू हवं असेल तर बी घ्या. बीमधून तो रोग येत नाही, कलमातून, फांदीतून येतो. गावात कुणी बाजारातून कलम आणलं तर अप्पा त्याच्या घरी जाऊन भांडायचे. दोन घरांशी त्यांचं त्यावरून बोलणं बंद होतं.

हे सगळं इतकं सविस्तर सांगतेय कारण ह्याच माणसाच्या अंगणात, माझ्या खोलीच्या खिडकीसमोर, बाहेरून आणलेलं एक कलम वाढत होतं. मोसंबीचं.

ते त्यांच्या लेकीनं आणलं होतं. एकुलती लेक. मोठं नाव काही असेल, घरात ती बेबी. सुरतेला दिलेली, जावई साड्यांच्या कारखान्यात. लग्नानंतरच्या पहिल्या आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, ती माहेरी आली ती विसरवाडीला गाडी बदलून. तिथं रस्त्याच्या कडेला एक जण रोपं विकायला बसला होता. बाकीच्या मुली माहेरी मिठाई आणतात, हिनं बापाला काय आवडेल म्हणून मोसंबीचं कलम आणलं, मांडीवर धरून, गर्दीत. बाप आयुष्यभर काय बोलत आला हे तिला ठाऊक होतं की नव्हतं कुणास ठाऊक. लहानपणापासून ऐकलेलं कुणी ऐकतं थोडंच? जिजी सांगायची, अप्पांनी पिशवीतलं रोप पाहिलं, लेकीचं तोंड पाहिलं, आणि एक शब्द न बोलता फावडं आणलं. आयुष्यात तेवढी एकदाच त्यांनी जीभ आवरली असावी.

मोसंबी जोमात आली. डेरेदार, गर्द हिरवी, फुलायची तेव्हा माझ्या खोलीत सुगंधानं झोप लागायची नाही. अप्पा तिलाही वंगणाची पट्टी बांधायचे, तिचेही शेंडे अंगठ्यानं पुसायचे. बेबीताई दर आखाजीला यायची, झाडाखाली बसून माझ्याशी गप्पा मारायची. हसरी, बडबडी, जिजीसारखी. तिनं मला अहिराणी शिकवली. पहिलं वाक्य शिकवलं ते, "मन्हा बाप येडा शे."

मग ती आखाजी आली, करोनाच्या दुसऱ्या लाटेतली. येऊ नको म्हणून सगळ्यांनी सांगितलं, तरी आली. नवापूरपर्यंत गाडीनं, पुढं कुणाच्या तरी टेम्पोत. तीन-चार दिवस राहिली. अप्पा त्याआधी शहाद्याला एका लग्नाला जाऊन आलेले. धडधाकट, ना खोकला ना ताप. लेक आली म्हणून लहान पोरासारखे तिच्याभोवती घुटमळत होते, तिच्या ताटात जेवत होते. ती परत गेली आणि तिकडं अंथरुणाला खिळली. बातमी आली त्या दिवशी मी घरातल्या दोघांचीही तपासणी केली. जिजी साफ. अप्पांना होता.

"माले? माले तं काहीच नही."

"काही जणांना काहीच होत नाही अप्पा. पण असतो."

त्यांनी माझ्याकडं बघितलं. पुढं काय विचारणार ते मला कळलं होतं. "मंग मन्हाथीन तिले?"

"ते आता कुणीच सांगू शकत नाही. गाडीत लागला असेल, टेम्पोत लागला असेल, तिकडंच कुणाकडून लागला असेल." हे खोटं नव्हतं. मी तेव्हा गावात रोज दहा घरांत हेच सांगत होते. त्यांनी मान हलवली. बेबीताई आठवड्याभरात गेली. रस्ते बंद होते, जायचा प्रश्नच आला नाही. जावयानं फोनवर दाखवलं, तेही नीट दिसलं नाही. त्या दिवशी अप्पा नेहमीसारखे मळ्यात गेले आणि शेंडे पुसत बसले. माणूस एवढा दगड कसा असू शकतो असा मला संताप आला होता. संध्याकाळी परत आले तर दोन्ही हातांचे अंगठे सोललेले.

जिजीनं लेकीच्या नावानं मुंग्यांना पीठ-साखर घालायला सुरुवात केली. आपल्याकडं घालतातच, मेलेल्या जिवाला पोचतं म्हणून. रोज सकाळी आंघोळ करून, ओल्या केसांनी, मोसंबीच्या बुंध्याशी चिमूटभर पीठ आणि साखर. मी खिडकीतून बघत होते. मुंग्यांना साखर, आणि तीही अप्पांच्या घरात! पहिल्या दिवशी अप्पा ओट्यावर उभे होते. त्यांनी पाहिलं. चपला घातल्या आणि मळ्यात निघून गेले. दुसऱ्या दिवशी पाहिलं तर मोसंबीच्या खोडाची वंगणाची पट्टी काढलेली होती. मुंग्या सरळ वर जात होत्या.

सगळ्या गावाला घोंगडी पांघरायला लावणाऱ्या माणसानं एका झाडाला मोकळीक दिली. ते त्या झाडाजवळ जातच नसत, मग शेंडे पुसणं दूरच. मोसंबीवर मावा इतका माजला की माझी खिडकी चिकट व्हायची. मी एकदा म्हटलं, "अप्पा, ह्याच्यावर तेवढं निंबोळीचं पाणी तरी..."

"जिजीनं झाड शे ते," एवढंच म्हणाले.

भिंतीच्या पलीकडं, नाल्याच्या वाटेवर सेवंतीची झोपडी होती. सातपुड्यातून उतरून आलेलं पावरा कुटुंब, नवरा गेलेला, पोरं तोरणमाळाकडच्या आश्रमशाळेत. अप्पांच्या मळ्यात ती मजुरीला यायची. झोपडीभोवती तिची स्वतःची काही लिंबं होती, अप्पांनीच दिलेल्या बियांची. ती म्हसावदच्या बाजारात लिंबं विकायची, आणि त्या जोरावर दिवाळीनंतर बाकीच्यांसारखं ऊसतोडीला गुजरातेत जायचं टाळायची. "निंबू शेतस म्हनीसन मी आठे शे," असं ती म्हणायची. सगळ्यांना अरे-तुरे करायची, अप्पांनाही, आणि ते तिचं सगळ्यात जास्त ऐकायचे.

पहिल्यांदा तिची झाडं वाळायला लागली. पानं बारीक, पिवळी, शेंडे उघडे, आणि लिंबं एवढीशी पण मरणाची लागलेली. अप्पांनी पान उजेडाला धरलं. मग चाकूनं फांदीची साल सोलली. आत लाकडावर बारीक बारीक खाचा, कुणी सुईनं ओरखडल्यासारख्या. मला भिंग दिलं, म्हणाले, "देख." मी बघितलं. रुग्णाच्या फुप्फुसाची फिल्म बघावी तशा त्या खाचा मी मोजत गेले.

"सेवंती, काढनं पडी. मुयासकट."

सेवंती म्हणाली, "सगयी?"

"सगयी. नही तं मन्हा मयाले लागी."

ती रडली नाही. त्यांनीच खणली, त्यांनीच जाळली. हिरवं लाकूड जळताना फार धूर होतो आणि लिंबाच्या धुराचा वास गोड असतो, हे मला तेव्हा कळलं. सेवंती झोपडीच्या दारात बसून त्या धुराकडं बघत होती. त्या दिवाळीनंतर ती पहिल्यांदा ऊसतोडीला गेली.

परत आली तोवर अप्पांच्या मळ्यातल्या भिंतीकडच्या ओळी पिवळ्या पडल्या होत्या. अप्पांनी त्याही काढल्या. पुढच्या ओळी. मग त्याच्या पुढच्या. रोज सकाळी हातात शेंड्याऐवजी कुदळ. माणूस उभा वाळत चालला होता, शेंड्याकडूनच. मला दया यायची आणि राग यायचा, कारण रोग कुठून येतोय ते मला शंभर टक्के माहीत नसलं तरी माझ्या खिडकीला रोज काय चिकटतंय ते मला दिसत होतं.

मग शहाद्याहून कृषी खात्याच्या एक बाई आल्या. तरुण, शांत. त्यांनी झाडं बघितली, नमुने घेतले, बसून नीट समजावून सांगितलं. अप्पा, मी आणि सेवंती, तिघंही ऐकत होतो. त्यांनी सांगितलं ते बरंचसं अप्पांचंच होतं: मावा, उष्टं, खाचा. पुढचं मात्र नवीन होतं. "मोसंबीचं कलम जंबेरीच्या, म्हणजे रानलिंबाच्या खुंटावर असेल तर त्याला हा रोग असूनही काही दिसत नाही. झाड एकदम ठणठणीत असतं. पण त्याच्यावरचा मावा लिंबावर गेला की लिंबू मरतं. आसपास मोसंबीचं झाड आहे का हो काका?"

अप्पा म्हणाले, "मयामा नही."

खरंच होतं ते. मळ्यात नव्हतं.

मी काही बोलले नाही. सेवंती भिंतीकडं बघत राहिली. भिंतीवरून मोसंबीचा शेंडा दिसत होता, हिरवागार.

त्या संध्याकाळी अप्पा माझ्या दारात आले. कधी उंबऱ्याच्या आत न येणारा माणूस आत येऊन स्टुलावर बसला. "सिस्टर, जेले काहीच व्हयेल नही, तो दुसराले मारी टाकस?"

झाडाबद्दल विचारतात की कशाबद्दल हे विचारायची गरज नव्हती. मी म्हटलं, "त्याचा त्यात काय दोष, अप्पा?"

"दोष नही इचारेल मी. मारस का?"

मी पाण्याचा तांब्या पुढं केला. ते उठून गेले.

दुसऱ्या दिवशी सकाळी जिजी बुंध्याशी पीठ घालत असताना सेवंती अंगणात आली. तिच्या हातात कुऱ्हाड होती, स्वतःची, लाकूड फोडायची. तिनं ती ओट्यावर अप्पांच्या पायांजवळ ठेवली.

"मी नही तोडाव," ती म्हणाली. "तू मन्हा झाडे तोडनात. हाई बी तूच तोड."

जिजीनं पिठाची वाटी खाली ठेवली. "काय तोडानं बोलस ती?"

जिजीला मोसंबीचं, रोगाचं, कुणी काही सांगितलंच नव्हतं. अप्पांनी तिला ओट्यावरूनच सांगितलं, दोन-तीन वाक्यांत, तिच्याकडं न बघता. जिजी ऐकत राहिली आणि मग त्या बाईनं जे केलं ते मला जन्मभर दिसत राहील. तिनं झाडाला मिठी वगैरे मारली नाही. तिनं पदरानं बुंध्यावरच्या मुंग्या झटकायला सुरुवात केली. भराभरा, घाईघाईनं, "मीच साखर टाकी, मीच टाकी," असं पुटपुटत. मुंग्या तिच्या हातावर चढत होत्या, चावत होत्या. शेवटी मी आणि सेवंतीनं तिला धरून आत नेलं.

बाहेर कुऱ्हाडीचे घाव सुरू झाले. म्हातारा माणूस, मध्येमध्ये थांबत होता. जिजीनं कान झाकून घेतले नाहीत, मला वाटलं होतं झाकेल. सेवंती भिंतीला टेकून बसून होती. तिच्या चेहऱ्यावर समाधान दिसेल असं मला वाटलं होतं, पण तिथं काहीच नव्हतं. ती म्हणाली, "मन्हा झाडे तं नही येवाव आते," आणि उठून कामाला गेली.

झाड पडलं. फांद्या जाळल्या. पण मी बाहेर येऊन बघितलं तेव्हा बुंधा जमिनीत तसाच होता, गुडघ्याएवढा. मुळासकट म्हणून सगळ्या गावाला दम देणाऱ्या माणसानं कुदळ आणली नव्हती. दुसऱ्या दिवशी जिजीनं त्या बुंध्याशी पीठ घातलं. साखर नाही, नुसतं पीठ.

मळा वाचला नाही. रोग जाऊन बसायचा तो बसून गेला होता, मोसंबी राहिली काय नि गेली काय. गावात कुठं कुठं परसात असलेली लिंबंही एकेक करून वाळली. ज्यांच्याशी भांडून अप्पांनी बाहेरचं रोप लावू दिलं नव्हतं त्यांनी दारात उभं राहून त्यांना काय काय ऐकवलं. अप्पांनी सगळं ऐकून घेतलं. गळ्यातलं भिंग काढून खुंटीला टांगलं. मग माझी नवापूरकडं बदली झाली.

मी ह्या वर्षी माघात परत गेले, एका लग्नाच्या निमित्तानं. मळ्यात मका उभा होता, दुसऱ्याला कसायला दिलेला. सेवंतीची झोपडी बंद, दाराला काटेरी फांद्या लावलेल्या. आता ती पोरांनाही घेऊन जाते ऊसतोडीला, असं कळलं. जिजी आत झोपलेली होती, तिला अलीकडं माणसं ओळखू येत नाहीत. अंगणात अप्पा बुंध्यापाशी बसलेले.

बुंध्यातून धुमारा फुटला होता. लांब काट्यांचा, रानटी, पानंही वेगळी. ती मोसंबी नव्हतीच. खाली ज्या खुंटावर कलम बांधलेलं असतं त्या जंबेरीचा धुमारा तो. बेबीताईनं आणलं होतं ते वरचं झाड केव्हाच संपलं होतं. आणि रोग खालच्या मुळातही असतो, हे अप्पांनीच मला कधीतरी शिकवलं होतं. कोवळ्या शेंड्यावर मावा बसलेला आणि अप्पा अंगठ्यानं चाचपून चाचपून तो पुसत होते. डोळ्यांत पडदा आलाय, आता त्यांना उजेड तेवढा कळतो.

माझा आवाज ओळखला. "सिस्टर? पिवयी तं नही नेसेल ना?"

"नाही अप्पा." मी लग्नाला आले होते आणि माझ्या अंगावर निळी साडी होती.

त्यांनी चाचपडत एक पान तोडलं आणि माझ्यापुढं धरलं. "माले दिखत नही. तू देख. पान उजेडले धर."

मी धरलं. माघातलं ऊन स्वच्छ होतं. पान हिरवं, शिरा भरलेल्या, एक डाग नाही. मी पुन्हा पुन्हा फिरवून बघितलं.

"काय दिखस?"

"काही नाही अप्पा. एकदम साफ आहे."

मुंग्यांची एक रांग त्यांच्या पायावरून धुमाऱ्याकडं चालली होती, ती त्यांनी झटकली नाही.

"तवय मी बी असाच साफ दिखे ना, सिस्टर?"

इतकी वर्षं मी लोकांना समजावण्यात घालवली. गाडीत लागला असेल, टेम्पोत लागला असेल. ते सगळं माझ्या जिभेवर आलं आणि ह्या माणसापुढं मला त्याची लाज वाटली.

"हो," मी म्हटलं.

अप्पांनी मान हलवली. माझ्या हातातलं पान घेतलं, चोळून त्याचा वास घेतला आणि धुमाऱ्यावरून हात फिरवत म्हणाले, "ऱ्हाऊ दे मंग याले. आते कोनले लागनार शे?"